भागवंतीचा संसार



७ जुलै १९८४, शनिवार. त्या रात्री दूरदर्शनवर ‘हम लोग’चा पहिला भाग लागला. तिथून १७ डिसेंबर १९८५ पर्यंत, म्हणजे सतरा महिन्यांत, एकूण १५६ भाग झाले. आपल्यातल्या ज्या पन्नाशीच्या पुढच्या आहेत त्यांच्या कानात एवढं वाचूनच ती सुरुवातीची धून वाजायला लागली असेल. ज्या नंतर जन्मल्या त्यांनी आईकडून, मावशीकडून नावं तरी ऐकलीच असतील: बडकी, मझली, छुटकी, लल्लू, नन्हे, आणि भाग संपताना येऊन दोन शब्द सांगणारे अशोककुमार.

‘हम लोग’चा विषय निघाला की लोक सांगतात, ती आपल्या देशातली पहिली मोठी कौटुंबिक मालिका होती आणि प्रायोजकाच्या पैशावर चाललेली पहिली होती. दोन्ही खरं आहे. मला मात्र आज त्या मालिकेतल्या एका लग्नाबद्दल लिहायचं आहे. बडकीच्या लग्नाबद्दल नव्हे, त्या लग्नाला तर अर्धा देश वऱ्हाडी होता. मी म्हणतेय ते तिच्या आईवडिलांचं लग्न. बसेसर राम आणि भागवंती. मालिका सुरू होते तेव्हा त्यांच्या लग्नाला कितीतरी वर्षं होऊन गेलेली असतात, पदरात पाच मुलं असतात, आणि त्या लग्नाकडे घरातलं कुणी ‘लग्न’ म्हणून बघत नसतं. ते फक्त चालू असतं. सकाळ झाली की चूल, रात्र झाली की नवऱ्याची वाट.

आधी नावांची गंमत बघा. आई भागवंती, म्हणजे भाग्यवती. मोठी मुलगी बडकी, तिचं खरं नाव गुणवंती. मधली रूपवंती. लेखक मनोहर श्याम जोशी यांनी ही नावं ठेवताना मनाशी हसले असावेत असं मला नेहमी वाटतं. भाग्यवतीच्या वाट्याला काय, तर पिऊन येणारा नवरा, टोमणे मारणारी सासू, लष्करातून निवृत्त झालेले शिस्तीचे सासरे, आणि महिनाअखेरीला न पुरणारा पैसा. गुणवंतीला गुण होते, पण हुंड्याच्या बाजारात गुणांना कोण विचारतं! आणि रूपवंतीचं रूपच तिला सिनेमाच्या नादाला लावून फसवायला कारण झालं. जोशी मुळात मोठे हिंदी कादंबरीकार, ‘साप्ताहिक हिंदुस्तान’चे संपादक. उत्तरेकडच्या निम्न मध्यमवर्गाची बोली त्यांच्या कानात पक्की होती. म्हणून तर त्या घरातली माणसं भाषण करत नाहीत, कुरकुरतात. मराठी घरांतसुद्धा ती कुरकुर लगेच ओळखू आली.

भागवंतीचं काम जयश्री अरोरा यांनी केलं होतं, बसेसर रामचं विनोद नागपाल यांनी. नागपाल मुळात गाणारा माणूस, त्यामुळे त्यांचा बसेसर राम नुसता दारुडा खलनायक झाला नाही. तो लाघवी होता, पडेल होता, त्याच्याकडे बघून चीड यायची आणि मध्येच दयाही यायची. अशा नवऱ्याबरोबर नांदणं जास्त कठीण. सरळ वाईट माणसाला बाई मनातून सोडून तरी देते.

आता ही भागवंती आली कुठून ते सांगते, कारण त्यातच या लेखाची गाठ आहे.

मेक्सिकोत मिगेल साबिदो नावाचे एक नाट्यदिग्दर्शक होते. तिथल्या ‘तेलेविसा’ या मोठ्या दूरचित्रवाणी कंपनीत ते काम करायचे. आपल्या इथे जशा आता सासू-सुनांच्या मालिका, तशा तिकडे ‘तेलेनोवेला’ लोकप्रिय होत्या. साबिदोंच्या डोक्यात आलं की, लोक रोज रडत-हसत बघतात त्याच गोष्टीत उपयोगाचं काही घालता येईल. १९७५ मध्ये त्यांनी प्रौढ साक्षरतेवर मालिका केली, तर साक्षरता वर्गांत नाव घालायला लोकांची रीघ लागली. मग १९७७ मध्ये कुटुंबनियोजनावर एक केली. तिचं नाव ‘आकोंपान्यामे’, म्हणजे साधारण ‘माझी सोबत कर’.

साबिदोंची रीत अगदी स्वयंपाकाच्या कृतीसारखी नेमकी होती. गोष्टीत तीन प्रकारची माणसं घ्यायची. एक, योग्य वागणारी, तिचं शेवटी भलं होतं. दुसरी, चुकीचं वागणारी, तिला त्याची फळं भोगावी लागतात. आणि तिसरी मधली, जी आधी डळमळते, मग सुधारते. बघणारी बाई स्वतःला त्या तिसरीत बघते आणि तिच्याबरोबर सुधारते. भाग संपल्यावर एखाद्या मान्यवर माणसाने येऊन दोन शब्दांत मुद्दा सांगायचा.

आपल्याकडे तेव्हा १९८२ च्या आशियाई खेळांमुळे रंगीत प्रक्षेपण आलेलं होतं, राष्ट्रीय कार्यक्रम सुरू झाला होता, आणि सरकारला प्रश्न पडला होता की आता एवढा मोठा भोंगा हातात आलाय तर त्यातून बोलायचं काय. माहिती व प्रसारण खात्याचे सचिव एस. एस. गिल १९८३ मध्ये मेक्सिकोला जाऊन साबिदोंचं काम बघून आले. मग मनोहर श्याम जोशी लेखक, पी. कुमार वासुदेव दिग्दर्शक, जाहिरात क्षेत्रातल्या शोभा डॉक्टर निर्मात्या, असा संच जमला. पैसा आला ‘मॅगी’ नूडल्सकडून. मॅगी तेव्हा नवीकोरी होती. दोन मिनिटांत पोरांची भूक भागवणारी आई एका बाजूला, आणि मालिकेत दिवसभर चुलीपुढून न उठणारी भागवंती दुसऱ्या बाजूला! जाहिरात आणि मालिका यांच्यात किती वर्षांचं अंतर होतं ते तेव्हा कुणाच्या लक्षात आलं असेल का, कोण जाणे.

मूळ हेतू कुटुंबनियोजनाचा होता. पाच मुलं, एक कमावणारा, तोही धड न कमावणारा, असं घर मुद्दाम रचलेलं. पण पहिल्या तेराएक भागांत उपदेश फारच उघडा पडला आणि लोकांनी नाकं मुरडली. आपल्यालाही आठवतंय ना, त्या काळी लाल त्रिकोण दिसला की लोक मान वळवायचे! आणीबाणीतल्या नसबंदीला तेव्हा दहा वर्षंही झाली नव्हती. जोशींनी मग सूर बदलला. मुलं किती असावीत हे मागे पडलं आणि घरात बाईचं स्थान काय, हुंडा, दारू, एकमेकांशी बोलणं-न बोलणं हे पुढे आलं. म्हणजे खात्याने मागितला होता पाळणा लांबवण्याचा कार्यक्रम आणि हातात आला एक संसार. प्रेक्षकांनी ओढून ओढून त्याला संसाराकडे नेलं असंही म्हणता येईल.

या नव्या मांडणीत भागवंतीची जागा ठरलेली होती. साबिदोंच्या हिशेबात ती दुसऱ्या प्रकारची, म्हणजे ‘असं वागू नका’ हे दाखवणारी. ती बोलत नाही, मागत नाही, नवरा काही बोलला तर गिळते, सासू बोलली तर डोळे पुसते. मुली तिच्याकडे बघून शहाण्या होतात. बडकी स्त्रियांसाठी काम करणाऱ्या संस्थेत नोकरी करते, छुटकीला डॉक्टर व्हायचं असतं. बघणाऱ्या बायकांनी म्हणावं, नको गं बाई, भागवंतीसारखं आयुष्य नको, आपण बडकीसारखं व्हावं. अशी योजना होती.

आणि झालं काय?

मालिका चालू असताना दूरदर्शनकडे ४ लाखांहून जास्त पत्रं आली. त्यातली पुष्कळशी थेट अशोककुमारांच्या नावावर. विचार करा, पंधरा पैशांच्या कार्डावर, आंतर्देशीय पत्रावर, वहीच्या कागदावर, चार लाख! एव्हरेट रॉजर्स आणि अरविंद सिंघल या अभ्यासकांनी नंतर त्यातली काही पत्रं वाचली आणि १९८७ मध्ये १,१७० प्रेक्षकांना भेटून प्रश्न विचारले. ही पाहणी तीन ठिकाणी झाली: दिल्ली, मद्रास आणि आपलं पुणे. म्हणजे मराठी घरंही त्यात होती. त्यांना आढळलं की, ज्या भागवंतीला टाळायचं उदाहरण म्हणून उभं केलं होतं, ती बऱ्याच जणांना, आणि त्यात बायकाच पुष्कळ, आदर्श वाटली होती. सोशिक, मर्यादशील, घर धरून ठेवणारी. अशी बाई घरात असावी, असं लोकांनी सांगितलं.

असं आधी अमेरिकेतही झालं होतं. १९७१ पासून तिथे एक विनोदी मालिका चालायची, तिच्यातला घरचा कर्ता आर्ची बंकर सगळ्या जातीधर्मांना नावं ठेवायचा. लेखकांना त्याची टिंगल करायची होती. पण ज्यांच्या मनात तीच मतं होती, त्या प्रेक्षकांना तो आपला माणूस वाटला, खरं बोलणारा वाटला. अभ्यासकांनी भागवंतीचं प्रकरण त्याच पोतडीत टाकलं. लेखकाने एक दाखवलं, प्रेक्षकांनी उलटं घेतलं, विषय संपला.

मला ही जोडणी पटत नाही. आर्ची बंकर आवडणं म्हणजे दुसऱ्याला नावं ठेवण्यातलं सुख. भागवंती आवडण्यात कुणाचं कसलं सुख होतं?

आमच्या घरी तेव्हा काय चालायचं ते सांगते, म्हणजे मी काय म्हणतेय ते कळेल. १९८४ मध्ये दूरदर्शनने छोटी प्रक्षेपण केंद्रं उभारण्याचा सपाटा लावला होता, चार महिने सरासरी रोज एक. त्या लाटेत आमच्या तालुक्याच्या गावीही टीव्ही दिसायला लागला. अण्णांनी कृष्णधवल संच आणला, लाकडी सरकत्या दारांचा. माझं वय नऊ. आपल्याकडे जेवणं दिवसाउजेडी उरकलेली, चूल थंड, भांडी पालथी, त्यामुळे रात्रीच्या कार्यक्रमाला आमच्या घरच्या बायका पहिल्यापासून शेवटपर्यंत बसलेल्या असायच्या. शेजारच्या घरांतल्या बायका मात्र भाकऱ्या अर्ध्या टाकून, पिठाचे हात पदराला पुसत दारात उभ्या राहून बघायच्या. ‘बसा की’ म्हटलं तर ‘नको, तवा ठेवलाय’ म्हणायच्या आणि पूर्ण भाग उभ्यानेच बघायच्या. भागवंतीचं आयुष्य बघायलासुद्धा बसायची सोय नाही, हे तेव्हा माझ्या मनात आलं नाही. आता येतं.

त्या बैठकीत माझी मोठी काकू असायची. आमच्या घरात दारू नाही, मारहाण नाही. काका निर्व्यसनी, व्यवहाराला चोख. पण काका घरात बोलायचे नाहीत. पान वाढलं की जेवायचे, हवं ते बोटाने दाखवायचे. पंचवीस वर्षं. काकूला कुणी विचारलं असतं की तुम्हाला काय त्रास आहे, तर तिला सांगता आलं नसतं, कारण सांगण्यासारखं काही नव्हतं. ती भागवंतीचा एकही भाग चुकवायची नाही. आणि आजी, म्हणजे तिची सासू, भागवंती डोळे पुसायला लागली की मोठ्याने म्हणायची, ‘‘बघा गं सुनांनो, कशी सोसते. शब्द नाही तोंडातून!’’

काकू तेव्हा काही बोलायची नाही. पण एकदा आजी झोपल्यावर आईला म्हणाली, ‘‘जाऊबाई, एवढी माणसं रोज हिच्याकडे बघतात. माझ्याकडे कोण बघतंय?’’

हे वाक्य मला पुरतं कळायला पुढे माझं स्वतःचं लग्न व्हावं लागलं. आणि तेव्हापासून मला वाटतं की पुण्या-दिल्लीतल्या ज्या बायकांनी ‘आम्हाला भागवंती आवडते’ असं पाहणीत सांगितलं, त्या सगळ्यांना एकच म्हणायचं होतं असं नाही. प्रश्नावलीत खूण एकच होते. आजीचीही खूण तिथेच झाली असती आणि काकूचीही. आजीला भागवंती आवडायची कारण ती सुनांना दाखवायला बरी होती. काकूला आवडायची कारण तिच्यासारख्या बाईचा सबंध दिवस, कुणी मरत नाही की पळून जात नाही असा नुसता दिवस, बघण्यालायक आहे असं कुणालातरी वाटलं होतं. त्याआधी सिनेमातली आई आपण बघितलेली: मुलासाठी शिलाई मशीन चालवणारी, देवासमोर घंटा वाजवणारी, शेवटी गोळी लागून मरणारी. तिच्या नवऱ्याशी तिचं कसं जमतं, याची गोष्ट कुणी सांगत बसत नसे. तो बहुधा फोटोत असायचा, हार घालून. इथे नवरा जिवंत होता आणि रोज घरी येत होता.

आता तुम्ही म्हणाल, मग आजीचं काय? तिच्यासारख्यांनी त्या मालिकेची काठी केलीच ना? केली, मैत्रिणींनो. हे मान्य करायलाच हवं आणि ते हलकं करून चालणार नाही. सुधारणेसाठी केलेली वस्तू सासूच्या हातात काठी होऊन गेली, तीही सरकारी खर्चाने घरपोच. दूरदर्शनच्या कार्यक्रमांचा विचार करायला सरकारने पी. सी. जोशी यांच्या अध्यक्षतेखाली एक कार्यगट १९८२ च्या अखेरीस नेमला होता. त्याने आपल्या अहवालात पडद्यावर बायका कशा दाखवल्या जातात यावर बराच ऊहापोह केला. बाई कमावते, शेतात राबते, घर चालवते, आणि पडद्यावर मात्र ती एकतर सजते नाहीतर रडते, अशी ती तक्रार. भागवंती सजत नव्हती, म्हणजे उरलं दुसरं.

आपल्या भाषेतला ‘सोशिक’ हा शब्द बघा. तो फक्त कौतुकाचाच आहे. ‘ती फार सोशिक आहे’ असं कुणी म्हटलं की पुढे ‘मग तिला काय सोसावं लागतंय?’ असा प्रश्न येत नाही, तिथेच वाक्य मिटतं. भागवंती हिंदीत सोसत होती आणि आमच्या माजघरात ती मराठीत सोशिक झाली. भाषांतर करताना आम्ही तिचा प्रश्न गाळला.

तो प्रश्न रोज विचारणारा एक माणूस मालिकेतच होता, म्हणजे अशोककुमार. प्रत्येक भाग संपला की ते यायचे, अर्ध्या-पाऊण मिनिटासाठी. वय झालेलं, चेहरा प्रसन्न, आवाज आजोबांचा. ते आज काय झालं ते सांगायचे, एखादी गमतीशीर चारोळी म्हणायचे, आणि मग बघणाऱ्यालाच विचारायचे: तुम्हाला काय वाटतं, हे बरोबर झालं का? शेवटी ‘हम लोग’ हे शब्द वेगवेगळ्या भारतीय भाषांत म्हणायचे. आमच्याकडे मराठीची पाळी कधी येते याकडे आम्हा पोरांचं लक्ष. लोकांनी त्यांना चित्रपटातला नट म्हणून नाही, घरातला वडीलधारा म्हणून पत्रं लिहिली. मुलांनी आईबापांची तक्रार केली, आईबापांनी मुलांची. ज्या घरात काका बोलत नव्हते, त्या घरात निदान एक पुरुष रोज रात्री बायकांना ‘तुम्हाला काय वाटतं’ असं विचारत होता. उत्तर ऐकायला तो थांबत नव्हता हे खरं, पण लोकांनी पोस्टाने पाठवलंच.

बडकीच्या लग्नाचं थोडक्यात सांगते, कारण ते सगळ्यांना माहीत आहे. डॉक्टर अश्विनी आणि बडकी यांचं जमावं म्हणून लोकांनी पत्रांतून आग्रह धरला. तिचं लग्न ज्या दिवशी दाखवलं त्या दिवशी उत्तरेत बाजारपेठा लवकर बंद झाल्या, दूरदर्शनला तारा आल्या, आहेर आले. लग्नानंतर दोघांना जुळवून घेताना जी ओढाताण झाली तीही लोकांनी तेवढ्याच जीव लावून बघितली. बडकीचं काम करणाऱ्या सीमा भार्गव तेव्हा अगदी कोवळ्या वयाच्या होत्या, पण रस्त्यात बायका त्यांना थांबवून घरच्या गोष्टी सांगायच्या.

भागवंतीला मात्र कुणी आहेर पाठवला नाही. तिचं लग्न तर केव्हाच होऊन गेलेलं होतं.

आणि इथे मला मनोहर श्याम जोशींबद्दल आदर वाटतो. साबिदोंच्या कृतीप्रमाणे चुकीचं वागणाऱ्याला शेवटी शिक्षा व्हायला हवी, आणि मधल्या माणसाने सुधारायला हवं. जोशींनी भागवंतीला ना शिक्षा केली ना एका रात्रीत रणरागिणी केली. त्या काळच्या सिनेमात असती तर शेवटच्या रिळात तिने नवऱ्याच्या हातून बाटली हिसकावून भिंतीवर फोडली असती, मागे ढोल वाजले असते आणि आपण टाळ्या वाजवून घरी आलो असतो. इथे तसं नाही. मुली मोठ्या होत जातात, एकेक करून आपापल्या वाटेला लागतात, आणि आईचा बदल झाला तर एवढासा, कधी एखादं वाक्य जास्त बोलण्याएवढा. काहींना हे अपुरं वाटतं. मला ते प्रामाणिक वाटतं. पंचवीस-तीस वर्षं एका ढंगाने राहिलेलं लग्न मालिकेच्या सोयीने बदलत नाही. बदललंच तर मुलींच्या लग्नात बदलतं, आणि तेही किती, हे आपण आपापल्या घरात मोजावं.

पुढे लगेच चित्र पालटलं. १९८५ मध्ये बासू चॅटर्जींची ‘रजनी’ आली आणि प्रिया तेंडुलकरांनी गॅसवाल्यापासून सरकारी कचेरीपर्यंत सगळ्यांना धारेवर धरलं. रजनीला नवरा होता, पण भांडण दाराबाहेरच्या जगाशी होतं. आमच्या आजीला रजनी मुळीच आवडली नाही, आणि काकूला फार आवडली असंही नाही. ‘‘तिचं बाहेरच्यांशी आहे,’’ एवढंच ती म्हणाली. १९८६ मध्ये जोशींनीच ‘बुनियाद’ लिहिली. त्यातले मास्टर हवेलीराम आणि लाजोजी हे पुन्हा एक लग्न, फाळणीत होरपळलेलं आणि तरी एकमेकांशी बोलणारं. काकूने तेही सगळं बघितलं. ती भागवंतीबद्दल बोलायची तशी लाजोजीबद्दल कधी बोलली नाही. लाजोजीच्या वाट्याला इतिहास आला होता. भागवंतीच्या वाट्याला फक्त घर.

काका गेले त्याला बरीच वर्षं झाली. काकू आता सत्त्याऐंशी वर्षांची आहे, नातसुनेकडे असते, रोज देवदर्शनाला जाते. मागच्या पर्युषणात मी तिला भेटायला गेले तेव्हा फोनवर शोधून तिला ‘हम लोग’चा एक भाग लावून दिला. चित्र अंधुक, आवाज खरखरीत. तिने चष्मा लावून बघितला. भागवंती आली तेव्हा म्हणाली, ‘‘किती लहान होती गं ही! तेव्हा मला माझ्याहून मोठी वाटायची.’’ मग थोड्या वेळाने, ‘‘आज बघितलं तर मी हिला म्हटलं असतं, बाई, त्या बसेसरला एकदा उपाशी ठेव.’’

नातसून हसली. काकू हसली नाही, पुढचा भाग लाव म्हणाली.

त्या दिवशी आम्ही ओळीने चार भाग बघितले. बडकीला बघून नातसून म्हणाली की हिला मी ओळखते, ही तर ‘बरेली की बर्फी’मधली आई! बरोबर होतं. सीमा भार्गव लग्नानंतर सीमा पाहवा झाल्या, आणि गेल्या काही वर्षांत हिंदी सिनेमात त्या आईच्याच भूमिका करतात, पण या आया नवऱ्याला तोंडावर ऐकवतात, चिडतात, भाव खातात. १ जानेवारी २०२१ ला त्यांनी स्वतः दिग्दर्शित केलेला पहिला चित्रपट आला, ‘रामप्रसाद की तेरहवी’. घरचा कर्ता गेलाय, तेरा दिवस सगळं गणगोत एका वाड्यात जमलंय, मुलं हिशेब करतायत, सुना कुजबुजतायत, आणि मधोमध त्या माणसाची बायको बसली आहे. तिचं काम सुप्रिया पाठक यांनी केलंय. काकूला तो चित्रपट दाखवायचा राहिला आहे. पुढच्या खेपेला जाईन तेव्हा घेऊन जाईन.